दुपारपर्यंत संपणारा हंगाम

वऱ्हाडात हंगाम म्हटला की आधी कपाशी डोळ्यांपुढे येते. मृगाचा पाऊस पडला की टोबणी, मग डवरणी, निंदण, फवारणी, आणि दसरा-दिवाळीच्या सुमारास बोंडे फुटली की वेचणी. ही वेचणीही एकदाच उरकत नाही. पहिला वेचा, काही दिवसांनी दुसरा, मग तिसरा. ओल टिकली तर पुढे फरदड. पहिल्या वेच्याच्या वेळी पाऊस लागून कापसाची कवडी झाली म्हणून कोणी उभ्या पऱ्हाटीवर नांगर फिरवत नाही. पीक कसे आले हे तीन-चार वेचे झाल्यावरच ठरते, हे इथे लहान पोरालाही सांगावे लागत नाही.

आता याच मुलखातल्या एखाद्या महाविद्यालयाच्या कबड्डी संघाचा हंगाम पाहा. जुलैत प्रवेश होतात, मैदानावर मुले जमू लागतात, पावसाने उघडीप दिली की सराव होतो. दोन-अडीच महिन्यांनी आंतरमहाविद्यालयीन स्पर्धेचे पत्र येते. संघ पहाटेच्या एसटीने निघतो, दहा-अकराला मैदानात उतरतो, चाळीस मिनिटे खेळतो आणि हरला तर दुपारच्या जेवणाआधी मोकळा होतो. महाविद्यालयाचा संघ म्हणून त्याचे वर्ष तिथेच संपते. पुढच्या जुलैपर्यंत त्या सात जणांनी एकत्र मैदानात उतरावे असे काहीही ठरलेले नसते. दुसरीकडे अमेरिकेत महाविद्यालयाचा फुटबॉल संघ पहिला सामना हरला तरी त्याच्यापुढे अजून अकरा सामने वाढून ठेवलेले असतात. हा फरक फक्त पैशाचा आहे असे आपण पटकन म्हणतो. पैसा आहेच. पण फरकाचे मूळ स्पर्धेच्या आखणीत आहे, आणि आखणी बदलायला पैशापेक्षा कागद-पेन्सिल जास्त लागते.

चाळणी कशी चालते

संत गाडगे बाबा अमरावती विद्यापीठ १९८३ साली स्थापन झाले. अमरावती, अकोला, यवतमाळ, बुलडाणा आणि वाशीम हे पाच जिल्हे त्याच्या कक्षेत येतात. मेळघाटातल्या धारणीचे महाविद्यालय याच विद्यापीठाचे आणि बुलडाण्याच्या टोकाला असलेल्या मलकापूरचेही. एवढ्या पसरलेल्या प्रदेशातून विद्यापीठाला एकच संघ निवडायचा असतो, कारण पुढची पायरी आंतरविद्यापीठ स्पर्धेची असते आणि तिथे महाविद्यालयाच्या नावाने नव्हे, विद्यापीठाच्या नावाने उतरायचे असते. म्हणून आधी महाविद्यालये एकमेकांशी खेळतात, बहुधा बाद पद्धतीने. हरला तो बाहेर, जिंकला तो पुढच्या फेरीत. या सामन्यांतून निवड समिती खेळाडू हेरते, निवड चाचणी होते, सराव शिबिर लागते आणि विद्यापीठाचा संघ पश्चिम विभागीय स्पर्धेला रवाना होतो. या विभागात महाराष्ट्राबरोबर गुजरात, राजस्थान, मध्य प्रदेश आणि गोव्यातली विद्यापीठे असतात. देशाच्या चार विभागांतून पहिले चार-चार संघ, म्हणजे एकूण सोळा, अखिल भारतीय स्पर्धेत जातात. शिवाय महाराष्ट्रापुरता अश्वमेध हा आंतरविद्यापीठ क्रीडा महोत्सव आहे, तिथेही कबड्डी असते. विद्यापीठाकडून खेळलेल्या मुलाला कलर कोट मिळतो, आणि कलर होल्डर ही ओळख त्याला गावात आयुष्यभर पुरते.

अकोल्यात तर एकाच शहरातली मुले वेगवेगळ्या शिड्यांवर चढत असतात. शिवाजी महाविद्यालयाचा मुलगा अमरावती विद्यापीठासाठी खेळतो. काही अंतरावरच्या डॉ. पंजाबराव देशमुख कृषी विद्यापीठाचा विद्यार्थी त्याच्याविरुद्ध उभा राहू शकतो, कारण १९६९ साली स्थापन झालेले ते स्वतंत्र विद्यापीठ आहे. शासकीय वैद्यकीय महाविद्यालयातला विद्यार्थी नाशिकच्या आरोग्य विज्ञान विद्यापीठाचा. तिघे संध्याकाळी एकाच मैदानावर सराव करत असतील, पण विद्यापीठांच्या पातळीवर पोहोचेपर्यंत त्यांचे हंगाम एकमेकांना कुठेही शिवत नाहीत.

या सगळ्या व्यवस्थेचा हेतू एकच आहे: पुष्कळांतून थोडे निवडणे. ती चाळणी आहे, आणि चाळणी म्हणून तिच्यात गैर काही नाही. अडचण अशी की याच चाळणीला आपण हंगाम म्हणतो. चाळणीने दाणे वेगळे होतात, तिच्यात दाणे भरत नाहीत. दाणा भरायला शेतात दिवस काढावे लागतात.

तीस सेकंदांत काय काय घडते

संघ घडायला सामने का लागतात हे कळायचे तर कबड्डी थोडी जवळून पाहावी लागते. पुरुषांचे मैदान १३ मीटर लांब आणि १० मीटर रुंद असते. मधोमध मध्यरेषा. तिच्यापासून पावणेचार मीटरवर निदान रेषा आणि आणखी एक मीटर आत बोनस रेषा. बोनस रेषेपलीकडे अंतिम रेषेपर्यंत उरतात पावणेदोन मीटर, म्हणजे एका खाटेएवढी जागा. समोरच्या सात जणांना चढाईपटूपासून लांब राहायचे तर मागे सरकायला एवढीच जागा असते. चढाईपटू ‘कबड्डी कबड्डी’चा दम धरून येतो, त्याला तीस सेकंद मिळतात, त्यात निदान रेषा ओलांडावीच लागते. समोर सहा किंवा सात जण असतील आणि त्याने एक पाय बोनस रेषेपलीकडे टेकवून दुसरा हवेत ठेवला तर एक जादा गुण.

आता डाव्या कोपऱ्यात उभ्या असलेल्या पकडपटूकडे पाहा. तो एकटा नसतो. त्याचा हात शेजारच्याच्या हातात असतो, दोघातिघांची साखळी असते. चढाईपटू बोनससाठी पाय लांबवतो तो क्षण कोपऱ्याचा. पाय टेकला की घोट्यावर झेप. पण झेप घ्यायची तर शेजाऱ्याचा हात सोडायला हवा आणि शेजाऱ्याला ते झेपेच्या आधी कळायला हवे, नाहीतर तोच त्याला मागे ओढून ठेवतो. घोटा हाती आला तरी काम संपत नाही. चढाईपटू दुसऱ्या पायावर उसळून मध्यरेषेकडे अंग झोकून देतो, बोटाचे टोक रेषेला लागले तरी पकडणारा बाद. म्हणून दुसऱ्या बाजूच्या कव्हरने, म्हणजे आतल्या जागेवरच्या पकडपटूने, अर्ध्या सेकंदात येऊन कंबर धरायला हवी. तो एक श्वास आधी आला तर चढाईपटू त्यालाच स्पर्श करून दोन गुण नेतो आणि एक श्वास उशिरा आला तर कोपरा हकनाक जातो. हा अर्धा सेकंद कोणत्याही पुस्तकात शिकवता येत नाही. आपला कोपरा कधी खांदा पाडतो, कधी टाच उचलतो, हे कव्हरला पुन्हा पुन्हा पाहून उमजते. सरावात ते निम्मे जमते. उरलेले निम्मे अनोळखी चढाईपटू समोर असतानाच जमते, कारण सरावातला चढाईपटू घरचाच असतो, त्याच्या सगळ्या लकबी पाठ असतात.

एका सामन्यात असे प्रसंग किती येतात? पुरुषांचा सामना वीस-वीस मिनिटांच्या दोन डावांचा. प्रत्येक चढाईला पुरे तीस सेकंद लागले असे धरले तर चाळीस मिनिटांत दोन्ही बाजू मिळून ८० चढाया होतात, म्हणजे आपल्या अंगणात समोरच्याच्या ४०. यातल्या कितीतरी चढायांत कोणी कोणाला हातही लावत नाही. त्यात आपला कोपरा एकदा बाद झाला तर संघ गुण मिळवून त्याला परत आणीपर्यंत तो बाहेर बसून राहतो. त्याच्या वाट्याला खऱ्या पकडीच्या संधी हाताच्या बोटांवर मोजाव्यात इतक्याच येतात. मुलींचा सामना पंधरा-पंधरा मिनिटांचा, तिथे त्याहून कमी. वर्षाला एकच सामना मिळणाऱ्या संघातला कोपरा तीन वर्षांच्या पदवीत महाविद्यालयासाठी पंधरा-वीस वेळा झेप घेऊन बाहेर पडतो. एवढ्या सरावावर कोणाला मोटारसायकलचाही परवाना मिळणार नाही.

वऱ्हाडातली माती यात आणखी भर घालते. काळी माती पावसात चपलेला किलोभर चिकटते आणि उन्हात भेगाळते, म्हणून कबड्डीचे मैदान मुरूम किंवा पिवळी माती टाकून तयार करावे लागते. अशा मैदानावर अनवाणी पायाने वाढलेला मुलगा स्पर्धेत रबरी मॅटवर बूट घालून उतरतो. मातीत पाय थोडा घसरतो आणि त्या घसरण्याचा हिशेब शरीराने धरलेला असतो. मॅट पाय तिथल्या तिथे धरून ठेवते. वळताना गुडघ्यावर पीळ पडतो, झेप आखडती पडते. सवय व्हायला दोन-तीन सामने लागतात, आणि बाद पद्धतीत दुसऱ्या सामन्याची हमीच नसते.

बारा शनिवार

अमेरिकेत महाविद्यालयांच्या संघांतला पहिला फुटबॉल सामना रटगर्स आणि प्रिन्स्टन यांच्यात ६ नोव्हेंबर १८६९ रोजी झाला. आज तिथल्या सर्वांत वरच्या गटातला संघ ऑगस्टअखेरपासून नोव्हेंबरअखेरपर्यंत १२ सामने खेळतो, बहुतेक शनिवारी, आठवड्याला एक. मध्ये एखादा आठवडा विश्रांतीचा. खेळाडूकडून आठवड्यात २० तासांपेक्षा जास्त सक्तीचे काम करून घ्यायचे नाही अशी मर्यादा आहे. त्या तासांत मैदानावरचा सराव येतो, आपण मागच्या शनिवारी काय चुकलो ते पडद्यावर पाहणे येते आणि पुढच्या शनिवारचा प्रतिस्पर्धी कसा खेळतो हे पाहणेही येते. राखीव खेळाडू पुढच्या प्रतिस्पर्ध्याची सोंगे घेतात, त्यांच्या चाली खेळून दाखवतात. सामना शनिवारी असतो, संघ मात्र रविवार ते शुक्रवार घडतो.

या लांब हंगामावर त्यांचा इतका भरवसा की शेवटी विजेता ठरवणारी बाद फेरी त्यांना फार काळ नकोशीच होती. चार संघांची बाद फेरी २०१४ च्या हंगामात आली आणि बारा संघांची २०२४ च्या हंगामात. त्याआधी अनेक दशके हंगामभराच्या कामगिरीवर मते घेऊन क्रमवारी लावत आणि तीवरून थोर-धाकटे ठरे. ते दुसरे टोक होते, त्यावरून तिथे वर्षानुवर्षे भांडणेही झाली. आपण या टोकाला आहोत. आपल्याकडे बाद फेरी आहे, तिच्याआधीचा हंगाम नाही.

चौकट : तिसरी चढाई आणि धरून ठेवलेला चेंडू

दोन्ही खेळांवर एकच आजार आला होता आणि दोन्हींनी त्यावर सारखेच औषध शोधले. १८८१ साली प्रिन्स्टन आणि येल यांच्या सामन्यात एका संघाने पहिला अर्धा डाव चेंडू सोडलाच नाही आणि दुसऱ्याने दुसरा. निकाल शून्य-शून्य. पुढच्याच वर्षी वॉल्टर कँप यांच्या पुढाकाराने नियम आला: तीन प्रयत्नांत पाच यार्ड पुढे सरका, नाहीतर चेंडू समोरच्याला द्या. १९१२ पासून चार प्रयत्नांत दहा यार्ड असा तो आजवर चालू आहे. कबड्डीतही आघाडीवर असलेला संघ निदान रेषा ओलांडून नुसता परत यायचा आणि वेळ काढायचा. त्यावर उपाय म्हणजे तिसरी चढाई: सलग दोन चढाया रिकाम्या गेल्या तर तिसऱ्या चढाईत गुण आणायचाच, नाहीतर चढाईपटू बाद. अमेरिकन फुटबॉल पाहताना गोंधळ उडत असेल तर ‘चौथा प्रयत्न म्हणजे त्यांची तिसरी चढाई’ एवढे लक्षात ठेवले तरी सामना समजू लागतो.

बाद पद्धतीचे गणित

समजा ३२ महाविद्यालये स्पर्धेत उतरली. बाद पद्धतीत प्रत्येक सामन्याला एक संघ बाहेर पडतो आणि शेवटी एक उरायचा असतो, म्हणून सामने ३१. त्यात १६ संघ एकेक सामना खेळून घरी जातात, आणखी ८ दोन खेळून. ३२ पैकी २४ संघांचा, म्हणजे पाऊण हिश्शाचा, हंगाम दोन सामन्यांच्या आत आटोपतो. अंतिम फेरीपर्यंत गेलेले दोन संघही पाचच सामने खेळलेले असतात आणि तेही बहुधा दोन-तीन दिवसांत, एकावर एक. चुकले काय ते पाहायला आणि दुरुस्त करायला मध्ये वेळच नाही.

बरे, एवढे करून सर्वांत चांगला संघ तरी सापडतो का? एखादा संघ इतका सरस आहे की कोणाविरुद्धही त्याच्या जिंकण्याची शक्यता शंभरात साठ धरावी. विजेतेपदासाठी त्याला लागोपाठ पाच सामने जिंकायचे आहेत. साठ टक्क्यांचे साठ टक्के असे पाच वेळा केले की उरतात जेमतेम आठ टक्के. अशी स्पर्धा शंभर वर्षे भरवली तर हा सर्वांत सरस संघ आठेक वेळाच चषक उचलेल. शक्यता शंभरात सत्तर धरली तरी आकडा सतरापर्यंतच जातो. आणि चिठ्ठ्या टाकून जोड्या लावल्या तर पहिले दोन उत्तम संघ पत्रिकेच्या एकाच अर्ध्यात पडण्याची शक्यता ३१ पैकी १५, जवळजवळ निम्मी. तसे झाले की दुसऱ्या क्रमांकाचा संघ अंतिम फेरीत पोहोचूच शकत नाही. मागच्या वर्षीच्या कामगिरीवरून मानांकन दिले तर हे थोडे सुधारते, पण दर वर्षी तिसरे वर्ष संपवून निम्मा संघ निघून जातो, तेव्हा मागच्या वर्षीचा संघ आणि या वर्षीचा संघ यांत सारखे बहुधा नावच असते.

निवड समितीची अडचण याहून मोठी आहे. तिला संघ नव्हे, माणसे शोधायची असतात. एखाद्या लहान गावच्या महाविद्यालयात कच्च्या संघात एक पक्का कोपरा असू शकतो. त्याचा संघ पहिल्याच फेरीत लोण खाऊन हरतो. लोण म्हणजे सगळेच्या सगळे बाद होणे. त्याचे समोरच्याला दोन जादा गुण. अशा सामन्यात हा कोपरा निम्मा वेळ बाहेर बसलेला असतो. तो मैदानात होता त्या वीस मिनिटांत समितीतल्या कोणाची नजर त्याच्यावर गेली तर गेली. निवड चाचणीला त्याला बोलावले तरी तिथे अनोळखी कव्हरच्या जोडीने खेळावे लागते, आणि कव्हरशिवाय कोपऱ्याची किंमत कळत नाही हे आपण वर पाहिले. चढाईपटू एकट्याने चमकू शकतो, पकडपटू नाही. बाद पद्धतीची चाळणी नकळत चढाईपटूंनाच झुकते माप देते, असे माझे मत आहे.

पण मुले खेळतातच की

यावर पहिला आक्षेप वजनदार आहे. वऱ्हाडातली मुले वर्षाला एकच सामना खेळतात हे खरे नाही. दिवाळीनंतर गावोगाव खुल्या स्पर्धा होतात, रात्री दिवे लावून सामने रंगतात, रोख बक्षिसे असतात, आणि चांगल्या चढाईपटूला आजूबाजूच्या दहा गावांतून बोलावणे येते. विदर्भाची कबड्डी संघटना वेगळी आहे, राष्ट्रीय स्पर्धेत विदर्भाचा संघ महाराष्ट्रापासून स्वतंत्र उतरतो, त्यामुळे संघटनेच्या जिल्हा स्पर्धाही आहेत. हे सारे खरे, आणि महाविद्यालयीन कबड्डी आज जी काही उभी आहे ती या गावांच्या मैदानांवरच. पण या स्पर्धांत मुलगा आज एका मंडळाकडून खेळतो, उद्या दुसऱ्या. त्याची साखळी दर वेळी नव्या हातांची असते. खेळाडू म्हणून तो तयार होतो, पण ज्या सहा जणांबरोबर तो रोज एका बाकावर बसतो त्यांच्याशी त्याचा अर्धा सेकंद जुळत नाही. शिवाय घरच्यांनी रात्रीच्या स्पर्धांना पाठवायचे ते मुलांना. मुलींसाठी महाविद्यालयाचा संघ हीच बहुतेक वेळा एकमेव वाट असते, आणि ती दुपारपर्यंत संपते.

दुसरा आक्षेप परीक्षेचा. सत्रे आली, अंतर्गत चाचण्या आल्या, हिवाळी परीक्षा दिवाळीला येऊन भिडते. मुले अजून किती दिवस बाहेर राहणार? इथे उलट विचार करून पाहावा. आजची स्पर्धा सलग दोन-तीन कामाचे दिवस खाते, मुक्काम घडवते. आठवड्याला एक सामना आणि तोही रविवारी असेल तर एकही तास बुडत नाही. दुखापतींचेही तसेच. सामने वाढले की गुडघे जातील ही भीती रास्त आहे, पण एका दिवसात दोन-तीन सामने खेळणाऱ्या थकल्या पायाला आठवड्याने एक सामना खेळणाऱ्या ताज्या पायापेक्षा जास्त धोका असतो.

तिसरा आक्षेप अमेरिकेचे नाव काढताच येतो: तिथे लाखभर प्रेक्षक मावणारी मैदाने आहेत, दूरचित्रवाणीचा पैसा आहे, त्यांचे इथे काय? मिशिगनच्या मैदानाची क्षमता एक लाख सात हजारांवर आहे हे खरेच. तिथली सगळीच व्यवस्था घेण्यासारखी नाही हेही खरे. डोक्याला बसणाऱ्या माराचा प्रश्न त्यांना आजवर सुटलेला नाही, आणि खेळाडूंच्या जिवावर इतर सारे कमावत असताना त्या खेळाडूंना मोबदला घ्यायला दशकानुदशके मनाई होती. पण आठवड्याला एक सामना ही कल्पना त्या पैशातून आलेली नाही. ती पैशाच्या आधीची आहे. आणि हवे तर अमेरिका सोडून द्या. प्रो कबड्डी लीगच्या दहाव्या हंगामात बारा संघ होते आणि बाद फेरीआधी प्रत्येकाने साखळीत २२ सामने खेळले. त्या हंगामात पुणेरी पलटण जिंकली. व्यावसायिक खेळाडूंना घडायला २२ सामने लागतात असे मानणारा खेळ विद्यार्थ्यांना एकाच सामन्यावर कसा तोलतो, याचे उत्तर मला सापडत नाही.

शेवटचा आक्षेप परंपरेचा: बाद पद्धतीतच माणसाची छाती दिसते. पण या खेळाची परंपरा नियम बदलत आलेल्यांची आहे. संजीवनी, गामिनी आणि अमर असे तीन प्रकार पूर्वी खेळले जात. गामिनीत बाद झालेला डाव संपेपर्यंत बाहेरच राही. संजीवनीत समोरचा एक बाद झाला की आपला एक जिवंत होऊन परत येई. आजच्या कबड्डीने संजीवनीचा नियम घेतला. याच खेळाचे प्रात्यक्षिक अमरावतीच्या श्री हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाच्या चमूने १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी करून दाखवले. वैद्य बंधूंनी १९१४ साली उभी केलेली ही संस्था. जे गावच्या ओट्यासमोर खेळले जाई ते जगापुढे नीटनेटके मांडावे ही तिची धडपड होती. मैदानात बाद झालेल्याला परत आणणारा खेळ स्पर्धेत मात्र बाद झालेल्याला वर्षभर परत येऊ देत नाही, ही विसंगती डोळ्यांआड करू नये.

तीन रविवार

३२ संघांचे आठ गट करा, गटात चार. गटातला प्रत्येक संघ उरलेल्या तिघांशी खेळेल, म्हणजे प्रत्येक गटात सहा सामने आणि आठ गटांत ४८. गटविजेत्या आठ संघांत आजच्यासारखीच बाद फेरी, तिचे सामने सात. एकूण ५५. आजच्या ३१ पेक्षा २४ जास्त. मध्यंतर आणि इतर खोळंबा धरून सामन्याला पन्नास मिनिटे लागतात असे म्हटले तर हे वाढीव काम वीस तासांचे. आठ मैदानांवर वाटले की मैदानामागे अडीच तास. पाच जिल्ह्यांच्या विद्यापीठात हा बोजा मोठा नाही.

गट अंतर पाहून करावेत. अचलपूर, अंजनगाव सुर्जी, अकोट आणि दर्यापूर ही गावे दोन जिल्ह्यांत विभागलेली असली तरी एकमेकांच्या जवळ आहेत. सकाळी निघून दुपारी सामना खेळून संध्याकाळी घरी परतता येते. मूर्तिजापूर अमरावती आणि अकोला यांच्या मधोमध, रेल्वेच्या वाटेवर. मुक्काम नाही, जेवणाचा मोठा खर्च नाही. एका फेरीऐवजी तीन फेऱ्यांचे भाडे लागेल, पण फेरी जवळची असेल. खरी अडचण धारणीसारख्या ठिकाणांची. तिथल्या संघाला प्रत्येक रविवारी डोंगर उतरायला लावणे अन्यायाचे होईल, तेव्हा एखाद्या रविवारी गटानेच वर जावे. मॅट प्रत्येकाकडे नसते, तीही गटात एक पुरते. एकमेकांत अडकणाऱ्या मीटर-मीटरच्या तुकड्यांची ती असते, असे १३० तुकडे जोडले की मैदान तयार होते, आणि ते एका मालवाहू गाडीत रचून नेता येतात.

एका मैदानावर एका रविवारी गटातले दोन सामने होतील. पहिला सामना संपवलेले दोन संघ दुसरा पाहायला रेषेबाहेर बसतील, कारण तिथे खेळणाऱ्यांशीच त्यांना पुढच्या दोन रविवारी भिडायचे आहे. अकोटचा डावा कोपरा नुकताच हरून, गुडघ्यावरची माती झटकून तिथे बसलेला असेल. समोर दर्यापूरचा चढाईपटू बोनसला जाताना दर वेळी आधी उजव्या कव्हरकडे बघतो आणि मग डावा पाय टाकतो, हे त्याच्या तिसऱ्या चढाईला लक्षात येईल, पाचव्या चढाईला खात्री पटेल. परतीच्या एसटीत तो ते आपल्या कव्हरला सांगेल. सोमवारी संध्याकाळी महाविद्यालयाच्या मैदानावर त्यांचा एक राखीव गडी दर्यापूरचा चढाईपटू होऊन येईल, उजवीकडे बघेल, डावा पाय टाकेल. कोपरा हात सोडेल, कव्हर उशिरा पोहोचेल. मंगळवारी पुन्हा. बुधवारी पुन्हा. शनिवारपर्यंत सहा संध्याकाळी हातात आहेत.